सरकार आंदोलन करणाऱ्यांचे फोन टॅप करतं, तेव्हा कोर्टाची परवानगी लागते ना? आणि त्या माणसाला कळतं का?

परवानगी लागत नाही, आणि बहुतेकदा कळतही नाही. फोनमध्ये खरखर आली म्हणजे टॅपिंग, हे डोक्यातून काढा. ते कंपनीच्या यंत्रणेतून होतं, तुमच्या हँडसेटला पत्ताही लागत नाही.

सही केंद्रात किंवा राज्यात गृहसचिवांची. हुकूम ६० दिवसांचा, वाढवत १८० पर्यंत नेता येतो. १८८५च्या टेलिग्राफ कायद्याच्या जागी २०२३चा दूरसंचार कायदा आला, पण सही तिथेच राहिली. पीयूसीएल या नागरी हक्क संघटनेच्या याचिकेवर सुप्रीम कोर्टाने डिसेंबर १९९६मध्ये टॅपिंग हा खासगीपणावर घाला आहे हे मान्य केलं. मात्र आधी न्यायाधीशाने हुकूम तपासावा ही मागणी, कायद्यात तरतूद नाही म्हणून, मान्य केली नाही. त्याऐवजी आढावा समिती दिली. समितीत कोण, तर सचिवच. डेटा संरक्षण कायद्यासाठी नेमलेल्या श्रीकृष्ण समितीच्या २०१८च्या अहवालात लिहिलंय की केंद्राच्या या समितीपुढे दोन महिन्यांतून एकदाच्या बैठकीत १५,००० ते १८,००० हुकूम येतात. आठ तास चहाही न घेता बसले तरी एका हुकुमाला दोन सेकंदही मिळत नाहीत!

कोर्टात जाऊन जिंकता येतं, नाही असं नाही. मुंबई हायकोर्टाने २०१९मध्ये सीबीआयसाठी दिलेले तीन हुकूम रद्द केले, कारण सार्वजनिक आणीबाणी किंवा सार्वजनिक सुरक्षितता यांपैकी काहीच दाखवता आलं नव्हतं. पण तो लाचेचा खटला होता. रेकॉर्डिंग पुरावा म्हणून पुढे आलं, तेव्हा ज्याचा फोन टॅप झाला होता त्या व्यावसायिकाला दाद मागता आली. ज्याच्यावर खटलाच भरायचा नाही, नुसतं तो कोणाला भेटतो आणि मोर्चा कधी काढतो एवढंच हवंय, त्याने कशाच्या आधारावर कोर्टात जायचं? शिवाय गरज उरली नाही की सहा महिन्यांत ते कागदही नष्ट करायचे, असा नियमच आहे.

आमच्या संघटनेत आता कोणी फोनवर मोकळं बोलत नाही, ‘भेटून बोलू’ म्हणतात. आपला फोन टॅप होतोय की नाही हे एकालाही ठाऊक नाही. आधी बंद झाले ते आतली माहिती देणारे सरकारी कर्मचारी; त्यांची नोकरी असते.

अमेरिकेत फौजदारी तपासातलं टॅपिंग संपलं की साधारण ९० दिवसांत त्या माणसाला नोटीस द्यावी लागते, न्यायाधीशाने ती लांबणीवर टाकली नाही तर. मला विचाराल तर आपल्याकडे आधी ही नोटीस यायला हवी, न्यायाधीशाची परवानगी त्यानंतर. परवानग्या कोर्टंही ढिगाने देतील, पण हुकूम उद्या त्या माणसाच्या वकिलाच्या हातात पडणार असेल, तर गृहसचिव तो वाचून सही करतील.