कुटुंबासाठी साहसी मालिका काढणाऱ्या टीव्ही निर्मात्याचं करिअर कसं असतं? एखादं उदाहरण सांगाल का?

या धंद्याशी माझा संबंध प्रेक्षकापुरताच, पण जुन्या अमेरिकन मालिका हुडकून बघायची खोड आहे. म्हणून नाव लगेच सुचलं: आयव्हन टॉर्स. जन्म १९१६चा, बुडापेस्टचा. नाव ओळखीचं वाटलं नाही, तरी ‘फ्लिपर’ म्हटल्यावर काहींना डॉल्फिन आठवेल. तो डॉल्फिन घरोघरी पोचवला तो याने.

पाणबुड्याची मालिका काढायची म्हणून तो मोठ्या वाहिन्यांकडे गेला, तेव्हा सगळीकडून नकारच मिळाला. पाण्याखाली दर आठवड्याला नवीन काय दाखवणार, अशी त्यांची शंका. शेवटी ‘सी हंट’ निरनिराळ्या शहरांतल्या टीव्ही स्टेशनांना विकली गेली आणि १९५८ ते १९६१ मध्ये तिचे १५५ भाग झाले. पाण्यात संवाद म्हणता येत नाहीत, म्हणून नायक लॉइड ब्रिजेस मागून स्वतःच गोष्ट सांगतो. अडचणीतून काढलेली ही वाट, पण मालिकेची खरी गोडी मला त्यातच वाटते.

पुढे त्याला एक युक्ती सापडली आणि ती त्याने मनसोक्त वापरली: आधी सिनेमा, मग मालिका. ‘फ्लिपर’ १९६३ला पडद्यावर, १९६४ला टीव्हीवर. तिरळ्या सिंहाचा, क्लॅरेन्सचा, सिनेमा १९६५चा आणि त्यावरून ‘डाकटारी’ १९६६ची. अस्वलाची ‘जेंटल बेन’ तर सिनेमा आला त्याच वर्षी, १९६७ला, सुरू झाली. प्राणी लोकांच्या गळी उतरतो की नाही, हे तिकीटबारीवरच कळत असणार. निर्मात्याला आणखी काय हवं?

बाकी मसालाही ठरलेला. जंगल किंवा समुद्र राखणारा बाप नाहीतर प्राण्यांचा डॉक्टर, घरात मूल, आणि माणसांपेक्षा शहाणा प्राणी. पडद्यामागे मात्र बरीच बनवाबनवी. फ्लिपर ‘तो’ असला तरी काम बहुतेक माद्यांनी केलं, आणि त्याचा आवाज कुकाबुरा या पक्ष्याच्या आवाजावरून तयार केलेला! ‘डाकटारी’तली आफ्रिका बरीचशी कॅलिफोर्नियातल्या एका रँचवर उभी केलेली. तिथे राल्फ हेल्फर प्राण्यांना मारझोड न करता लळा लावून शिकवायचा, ही त्या काळात मोठीच गोष्ट.

मग १९६९ उजाडलं. ‘डाकटारी’ आणि ‘जेंटल बेन’ दोन्ही त्याच वर्षी संपल्या, आणि रँच पुरात उद्ध्वस्त झालं. टॉर्सला तसं यश पुन्हा टीव्हीवर मिळालं नाही. कोंडलेल्या डॉल्फिनचा प्रश्नही ‘फ्लिपर’ मालिकेच्याच पोटातून निघाला. ‘फ्लिपर’च्या डॉल्फिनांना शिकवणारा रिक ओ’बॅरी, त्यातली कॅथी १९७०मध्ये मेल्यावर, डॉल्फिनना डांबून ठेवण्याविरुद्ध उभा राहिला तो कायमचाच. हे कळल्यापासून ते भाग बघताना मला पूर्वीसारखी मजा येत नाही, खरं सांगतो.

टॉर्स १९८३मध्ये ब्राझीलमध्ये वारला. नव्या मालिकेच्या चित्रीकरणासाठी जागा बघायला गेला होता.