शाळेच्या दाखल्यावर नुसतं ‘कोळी’ असेल तर महादेव कोळीची वैधता मिळते का?

तुम्ही लिहिलंय की आजोबांच्या १९४२च्या दाखल्यावर ‘हिंदू कोळी’ एवढंच आहे, सख्ख्या चुलत्यांकडे वैधता, म्हणजे पडताळणी समितीचं जमातीचा दावा खरा असल्याचं प्रमाणपत्र, आहे पण ते कागद देत नाहीत, आणि निवड होऊन वैधता सादर करायची सहा महिन्यांची मुदत सुरू झाली आहे. प्रश्न दाखल्याचा आहे, पण मला झोंबले ते तुमचे चुलते.

आम्ही डांगाणातले, सह्याद्रीच्या डोंगरपट्ट्यातले. २०११ साली अनुसूचित जमातीच्या (एसटी) जागेवर माझी निवड झाली, वैधता सादर करण्याच्या अटीवर. भावकीत वैधता असलेला एकच माणूस, माझे नाना, वडिलांचे धाकटे भाऊ. वडिलांना घेऊन झेरॉक्स मागायला गेलो. नानांनी चहा पाजला आणि म्हणाले, “तुझ्यापायी माझी फाईल उघडली तर? माझी चारच वर्षं राहिलीत रे.” याच भावाच्या शिक्षणासाठी वडिलांनी रोजगार हमीवर खडी फोडली होती. ते एक शब्द बोलले नाहीत. कप खाली ठेवला आणि उठले.

मग मी रेकॉर्ड रूम धरली. लाल फडक्यात बांधलेले रुमाल, आत मोडीतली कोतवाल बुकं, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या नोंदवह्या, पान उलटलं की कडा हातात येणार. आजोबांचं नाव सापडेना, त्यांच्या भावांचंही नाही. मोडी वाचून देणारे गुरुजी म्हणाले, मुलींच्या नोंदी का सोडतोस? १९३६च्या बुकात माझ्या पणजोबांच्या नावापुढे एक जन्म लागला. मुलीच्या नावाच्या रकान्यात नुसतं ‘मुलगी’, जातीच्या रकान्यात ‘म. कोळी’. पुढच्याच पावसाळ्यात तिच्या मृत्यूची नोंद. आजोबांना अशी एक बहीण होती हे घरात कुणालाच माहीत नव्हतं. माझी नोकरी त्या बिननावाच्या पोरीवर उभी आहे.

समितीचं दक्षता पथक चौकशीला घरी आलं तेव्हा साहेबांनी विचारलं, “म. म्हणजे मल्हार कशावरून नाही?” आई चुलीपुढूनच बोलली, “मल्हार कोळी खाली ठाण्याकडं. आमची सोयरीक तिकडं न्हाई.” मग तिने माहेर, आजोळ, नणंदांची सासरं, गावागणिक मोजून दाखवली. वाघबारशीला वाघोबाला काय काय लागतं तेही सांगितलं. साहेब लिहून थकले. तरी वैधता हातात पडायला दोन वर्षं गेली, आणि तेवढे दिवस दर सहा महिन्यांनी कार्यालयाची नोटीस.

आता तुमचं. नुसत्या ‘हिंदू कोळी’वर भागणार नाही, कारण सगळेच कोळी एसटीत येत नाहीत. माधुरी पाटील खटल्यात (१९९४) सुप्रीम कोर्टापुढे हाच वाद होता आणि दावा फेटाळला गेला. आपली जमात सिद्ध करायची जबाबदारी २०००च्या कायद्याने आपल्यावरच टाकली आहे. दावा अवैध ठरला तर नोकरीला संरक्षण नाही, हे सुप्रीम कोर्टाच्या २०१७च्या जगदीश बहिरा निकालाने पक्कं केलं. त्यानंतर २१ डिसेंबर २०१९च्या शासन निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना अधिसंख्य (मंजूर संख्येबाहेरच्या जादा) पदांवर अकरा-अकरा महिने ठेवलं. हे मला अजिबात मान्य नाही. नावातल्या सारखेपणावर आमच्या ७ टक्क्यांतली जागा वीस वर्षं वापरली, तर ती सोडून जावं. पगार खाल्लेला माणूस दिसतो सगळ्यांना, जागा न मिळालेला पोरगा कुणाला दिसत नाही. तुमच्या घराण्याचं मूळ खरंच महादेव कोळी नसेल तर अर्ज आजच मागे घ्या.

असेल, तर चुलत्यांकडे परत जा. वडिलांकडच्या रक्तनात्यातली वैधता ग्राह्य धरावी हे मुंबई उच्च न्यायालयाने २०१० मध्येच सांगितलंय आणि २४ मार्च २०२३ला सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनीही. अ‍ॅफिनिटी टेस्ट (रूढी, देव, सोयरीक जमातीशी जुळतात का ते बघणं) ही काही अंतिम कसोटी नाही, हेही त्याच निकालात आहे. चुलते नाहीच म्हणाले तरी वंशावळीच्या शपथपत्रात त्यांचं नाव लिहा, वैधता क्रमांक कळला तर तोही, आणि ती फाईल मागवून बघा असा अर्ज समितीला द्या. यात त्यांचा विश्वासघात होत नाही. खऱ्या माणसाची फाईल उघडली तर त्याचं काय जाणार आहे? माझ्या नानांचं काय गेलं? ते पूर्ण पेन्शन घेऊन निवृत्त झाले. वडील मात्र त्यांच्या उंबऱ्यावर परत चढले नाहीत, शेवटपर्यंत.

हे सगळं चुलत्यांची वैधता रीतसर चौकशी होऊन मिळाली असेल तरच. खरी माहिती दडवून घेतलेली असेल तर ती तुम्हाला वाचवणार नाही, उलट दोघेही अडकाल. मामाची, मावशीची वैधता चालत नाही. मी वकील नाही, मुदत संपायच्या आत एखाद्या चांगल्या वकिलाला कागद दाखवा. आणि कोतवाल बुकाची नक्कल मागताना एकच साल सांगू नका. १९५०च्या आधीची मिळतील तेवढी सगळी मागा, मुलींच्या नोंदींसकट.