खाडीकाठच्या पंथाला आधी बांध द्या, मोक्षाचं मग बघू

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: कादंबरी गोव्यासारख्या खाड्यांच्या मुलखात घडते, तिथल्या ‘भरतीमत’ पंथाची सात तत्त्वं, सात लोक (स्वर्गलोक-पाताळलोकासारखे) आणि सात गुरू लिहून तयार आहेत, तरी वाचणाऱ्याला पंथ खोटा वाटतो. कमी काय पडतंय?

कमी काही पडत नाहीये, जास्त झालंय. चार तत्त्वं काढून टाका आणि उरलेल्या तिघांना कामाला लावा. गूढ मत विश्वोत्पत्तीच्या कथेवरून क्वचितच पटतं. ते मानणारा माणूस दिवसभर काय करतो, काय टाळतो आणि चुकला तर काय भरतो, हे दिसलं की पटतं.

खाडी घेतलीच आहे तर खाजन शेती नीट समजून घ्या. खाजन म्हणजे बांध घालून खाडीकडून मिळवलेली सखल जमीन. बांधात मानस असते, म्हणजे पाण्याच्या वाटेवरचं लाकडी दार. बाहेर भरती चढली की तिच्याच दाबाने ते मिटतं; ओहोटीला आतलं पाणी उंच राहतं आणि दार ढकलून निघून जातं. यातून पहिलं तत्त्व: ‘दार कोणी उघडत नाही, पातळीतला फरक उघडतो.’ दुसरं: ‘आतलं पाणीही बुडवतं.’ मानस कायमची बंद केली तर पावसाचं पाणी साचून भात कुजतं, त्यामुळे सगळं दाबून बसणारा वैरागीही या मतात दोषीच ठरतो. तिसरं: ‘मीठ मागे राहतं.’ बांध फुटला की त्या हंगामाचं पीक जातंच, पण जमिनीतलं मीठ पावसाने धुवून निघेपर्यंत पुढच्या पेरणीलाही त्रास. कोरगूट भात खारं सोसतं, तेही एका मर्यादेपर्यंतच. प्रायश्चित्ताची अख्खी कल्पना या तिसऱ्यातून निघते: गुन्हा एका रात्रीचा, भरपाई तीन पावसाळ्यांची.

आता साधना. नुसतं ‘ध्यान’ लिहू नका, कृती लिहा. शिष्य मानशीजवळ बारा खुणांची काठी रोवतो आणि ओहोटीच्या तळापासून भरतीच्या माथ्यापर्यंत, सुमारे सहा तास, बसतो. एक खूण बुडाली की मनातली एक अढी मोठ्याने सांगायची. मग ओहोटीलाही तो तितकाच वेळ बसतो: पाणी उतरताना खूण उघडी पडली की ती अढी सोडायची. सोडता आली नाही तर काठीला तिथे चिखल लावायचा. चुकतं कुठे? एक, काठी गाळात खचते आणि पाणी असतं त्यापेक्षा वर चढल्यासारखं दिसतं, म्हणून बुडाशी जांभा दगड हवा. चांगला गुरू शिष्याआधी काठी तपासतो. दोन, नवशिका अष्टमीच्या सुमाराला बसतो. तेव्हा भांगाची भरती, पाणी थोडंच चढतं, आणि याला वाटतं आपण शांत झालो. खरी परीक्षा अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला.

वेळेचंही भान ठेवा. भरती रोज साधारण ५० मिनिटं उशिरा येते, म्हणून या पंथाची प्रार्थना सूर्योदयाला बांधता येणार नाही. ती दिवसभर सरकत राहील, कधी मध्यरात्री येईल. आकाशात दोन चंद्र ठेवायचे असतील तर आधी गणित करा. एकाचं चक्र ३० दिवसांचं, दुसऱ्याचं २० दिवसांचं धरलं तर उधाणं अनुक्रमे १५ आणि १० दिवसांनी. दोन्हींचं जोडउधाण ३० दिवसांनी. पंधराव्या दिवशी मात्र पहिल्याचं उधाण आणि दुसऱ्याचा भांग, त्यामुळे जोर कमी. सण तिसाव्या दिवशी ठेवा. पंधराव्याला उधाण म्हणून गर्दी जमवलीत तर हिशेबी वाचक पकडणारच.

पंथभेद तत्त्वचर्चेतून काढू नका, पैशातून काढा. मानशीपाशी जाळं लावून मासळी पकडण्याचा हक्क लिलावात जातो. ज्याने तो घेतला त्याला खारं पाणी आत आलेलं हवं असतं, भातवाल्याला नको असतं. हा तंटा गोव्यात खराच आहे. तुमच्या जगात मासळीवाल्यांनी ‘मीठही देणंच आहे’ असं मत काढलं की ग्रंथ, गुरू, शाप सगळं मागोमाग येतं. निवाड्याला गांवकरीसारखी संस्था द्या. गावच्या जमिनीचा एकत्र कारभार ही तिची जुनी रीत; पोर्तुगीजांनी १५२६ साली तिचे रिवाज लेखी नोंदवले तेव्हा ती आधीपासून चालतच होती. पंथ राजापेक्षा जुना आहे हे दाखवायला असा एक लेखी कागद पुरतो.

दैवी कौल हवा असेल तर कौलप्रसादाची रचना घ्या: मूर्तीला पाकळ्या किंवा फुलं लावायची, उजवीकडचं पडलं की साधारणपणे होकार. प्रश्न हो-नाहीचाच लागतो आणि कधी काहीच पडत नाही. ते ‘काहीच नाही’ कथेत सोन्यासारखं. मात्र सातेरी, राखणदार, देवचार ही नावं जशीच्या तशी खलनायकाच्या पदरात घालू नका. ती लोकांची रोजची श्रद्धास्थानं आहेत. पद्धत घ्या, नाव नवं ठेवा.

राहिली भाषा. गुरूचं सलग प्रवचन चार वाक्यांवर जाऊ देऊ नका. त्यापेक्षा मत शिव्यांत, सोयरिकीत, उधारीत उतरवा: ‘त्याची मानस कुजलीय’ असं सासू म्हणाली की वाचकाला टीप लागत नाही. आणि पंथ न मानणारा एक तरी बांधकरी ठेवा, जो खेकड्यांनी पोखरलेली भोकं चिखलाने बुजवतो आणि मजुरी मागतो. ‘मीठ मागे राहतं’ हे त्याला कोणी शिकवू गेलं तर तो काय उत्तर देईल, ते आधी लिहून पाहा. तिथे तत्त्व अडखळलं तर दुरुस्ती तत्त्वात करा, बांधकऱ्यात नको.