मुलानं भयानक व्हिडिओ बघितलाय, आता काय करू?

"पोरानं मोबाईलवर खुनाचा व्हिडिओ बघितलाय. डोक्यावर परिणाम होईल का ओ मॅडम?" बेळगाव, खानापूर, निपाणीकडचे पालक हल्ली हे सारखं विचारतात. एका मुलाचा अनुभव सांगते. ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत.

खानापूर तालुक्यातला नववीतला मुलगा. डोळे सतत लाल, थेंब घालूनही उतार नाही, म्हणून डॉक्टरांनी माझ्याकडे समुपदेशनाला पाठवलेला. बोलता बोलता कळलं, आंघोळीला तोंडाला साबण लावला तरी तो डोळे मिटत नव्हता. मिटले की ते दृश्य पुढ्यात यायचं. रात्री दिवा चालू ठेवूनच झोपायचा.

व्हिडिओ क्रिकेटच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आला होता. त्यात काय होतं हे मी विचारलं नाही. घरच्यांनीही खोदून विचारू नये. "नंतर काय केलंस?" एवढंच विचारलं, आणि तो रडायला लागला. आपण घाबरत नाही हे बघायला त्यानं तो पुन्हा पुन्हा लावला होता. वर एका मित्राला पाठवला होता. दुसऱ्या दिवशी तो मित्र शाळेत जेवला नाही. भीतीपेक्षा हेच त्याला जास्त खात होतं.

आई म्हणाली, "कशाला बघायचं असलं!" ताईंना मी तिथंच थांबवलं. त्यानं शोधून बघितला नव्हता. ग्रुपवर आलेलं आपोआप फोनमध्ये उतरतं. १५ मार्च २०१९ ला न्यूझीलंडमधल्या क्राइस्टचर्चच्या मशिदींवर हल्ला झाला, तो हल्लेखोरानं फेसबुकवर थेट दाखवला. पहिल्या २४ तासांत त्या व्हिडिओच्या १५ लाख प्रती काढून टाकल्याचं कंपनीनंच सांगितलं. एवढ्या मोठ्या कंपनीला जे आवरलं नाही, त्याचा दोष नववीतल्या पोराच्या माथी मारू नका.

दृश्य वारंवार आठवणं म्हणजे वेड लागणं नव्हे. बहुतेकांचं ते काही आठवड्यांत ओसरतं. पुन्हा पुन्हा बघितलं की लांबतं. म्हणून आधी तो व्हिडिओ पुसला, ऑटो-डाउनलोड बंद केलं, अनोळखी माणूस त्याला ग्रुपमध्ये घालू शकणार नाही असं सेटिंग केलं.

२००९ मध्ये मानसशास्त्रज्ञ एमिली होम्स आणि सहकाऱ्यांचा एक प्रयोग प्रसिद्ध झाला. क्लेशदायक दृश्यांची फिल्म बघून अर्ध्या तासानं टेट्रिस, म्हणजे वरून पडणारे ठोकळे जुळवायचा व्हिडिओ गेम, खेळलेल्यांना ती दृश्यं नंतर कमी आठवली. नजर आणि मन आकार जुळवण्यात गुंतलं की चित्र पक्कं बसायला जागा कमी उरते. या मुलाला बरेच दिवस झाले होते, तेव्हा तोच परिणाम मिळेल असं मी धरलं नाही. पण दिवाळी तोंडावर होती. म्हटलं, अंगणात मातीचा किल्ला कर, आपला बेळगावजवळचा राजहंसगड. दृश्य आलं तर त्याच्याशी झगडू नकोस. बुरूज कुठं, तट किती उंच, ते बघ आणि हात चिखलात घाल. हळूहळू तो डोळे मिटून तोंड धुवायला लागला.

मित्राकडे जाऊन "मी पाठवायला नको होता" हेही त्यानं सांगितलं. तोही झोपत नव्हता. पुढच्या आठवड्यात त्याची आई आली.

महिना उलटला तरी झोप नाही, शाळेत जाणं बंद होतं, किंवा मूल जिवाचं बरंवाईट करायचं बोलतं, तर मानसोपचारतज्ज्ञांना दाखवा. जिवाचं बोललं तर महिनाभर थांबू नका, त्याच दिवशी न्या. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर मोफत आहे, दिवसरात्र चालतो, आणि मराठीतही बोलता येतं.