डबिंग करता करता व्हॉइस कास्टिंगमध्ये जाता येतं का? दोन्ही एकाच व्यक्तीला जमतं का?

जमतं. मी अठरा वर्षं डबिंग करतेय आणि त्यातली शेवटची सहा आवाज निवडायचंही काम करतेय. तुम्ही लिहिलंय की एकांकिका केल्यात, आवाज चांगला आहे असं सगळे म्हणतात, मग थेट कास्टिंगच का करू नये? कारण बूथमध्ये उभं राहिल्याशिवाय दुसऱ्याचा आवाज कुठे फाटेल ते कळत नाही.

मोना घोष शेट्टी हे नाव कदाचित तुम्ही ऐकलं नसेल, आवाज मात्र नक्की ऐकलाय. १९९८च्या 'गुलाम'मधला राणी मुखर्जीचा आवाज त्यांचा आणि २००७च्या 'ओम शांती ओम'मधला दीपिकाचाही त्यांचाच. (दीपिकाला त्या भूमिकेसाठी पदार्पणाचं फिल्मफेअर मिळालं. आमच्या धंद्यात हे असंच असतं, वाईट वाटून घ्यायचं नाही.) त्यांच्या आई लीला रॉय घोष यांनी मुंबईत साउंड अँड व्हिजन इंडिया ही डबिंग कंपनी उभी केली, पुढे ती मोनांनी सांभाळली. माइकसमोर उभं राहायचं आणि तिथे कोण उभं राहील हेही ठरवायचं, दोन्ही कामं एकाच घरात!

कार्टूनमध्ये तर बाईच्या आवाजाला मोठा वाव. खरा मुलगा घेतला तर दोन वर्षांत त्याचा आवाज फुटतो आणि मालिका मात्र चालूच राहते. म्हणून पोरांच्या भूमिका बहुतेक वेळा बायकांकडे येतात. आपल्या मेघना एरंडेंनी हिंदीत नॉडी केला, निंजा हातोरीही केला.

आता कास्टिंगचं. एका भूमिकेसाठी तीन-चार जणांची व्हॉइस टेस्ट घेतो, छोटासा प्रसंग देऊन. क्लायंट ऐकतो, एक नाव पक्कं करतो. ऐकायला सोपं आहे, पण बरा आवाज सापडला म्हणजे झालं असं नाही. ओठ मिटणारी प, ब, म ही अक्षरं पडद्यावरच्या ओठांवर बसवता येतात का, तीन तास किंचाळून चौथ्या तासाला तोच सूर लागतो का, हेही बघायचं असतं. मी एक वही ठेवलीय. त्यात नावापुढे 'गोड' किंवा 'भारदस्त' असलं काही नसतं. 'रडताना पातळ होतो', 'हसू खोटं, पण धाप एकदम खरी', 'जेवणानंतर बोलावू नये' असलं असतं.

पहिल्याच कामात मी माती खाल्ली. कार्टूनमधली खोडकर आजी होती, ती मी गुपचूप स्वतःसाठी ठेवली आणि टेस्टला बाकीच्या दोघी जरा कमकुवतच बोलावल्या. क्लायंटने तिघींनाही नापास केलं. शेवटी गर्दीचे आवाज करायला आलेली एक तेवीस वर्षांची पोरगी चहा पिता पिता तिच्या आजीची नक्कल करत होती, तिला तशीच आत ढकलली. भूमिका तिची झाली. त्या दिवसापासून मी ज्याचं कास्टिंग करते त्यात स्वतः मोठी भूमिका घेत नाही. हा माझा नियम, सगळे पाळतात असं नाही.

तेव्हा सुरुवात गर्दीपासून करा. बाजार, लग्न, मारामारी, जे मिळेल ते. पैसे थोडे मिळतील, पण एका दिवसात दहा जणांचे आवाज शेजारी उभं राहून ऐकायला मिळतील आणि पुढे कास्टिंगला तेच कामी येतं.

आणि नमुना पाठवाल तेव्हा पहिली तीस सेकंदं तुमचा रोजचा, घरातला आवाज ठेवा. मिमिक्री त्यानंतर. माझ्याकडे येणाऱ्या दहातल्या आठ फायली शाहरुखपासून सुरू होतात.