पर्थची ‘वी जेसी’ आणि हौशी गोल्फचं करिअर

तुमचा प्रश्न असा: दोन महायुद्धांच्या मधल्या काळात स्कॉटलंडमध्ये बायका गोल्फ खेळायच्या का, आणि ‘हौशी’ खेळाडूचं कसलं आलंय करिअर?

आधी दुसऱ्या भागाचं बोलू. हौशी म्हटलं की आपल्याला रविवारी सकाळी दोन चेंडू पाण्यात घालवून पोह्यांच्या वेळेला घरी येणारा माणूस आठवतो. (मी त्यातलाच.) पण आपल्या राज्य नाट्य स्पर्धेतले हौशी कलाकार बघा. दिवसा नोकरी, रात्री तालीम. काम कसलेलं, फक्त त्यावर चूल पेटत नाही. तेव्हाचं बायकांचं गोल्फ या जातीचं होतं. खेळाचे पैसे घेतले की हौशी दर्जा गेला. आणि दर्जा गेला की खेळणार कुठे? बायकांच्या मोठ्या स्पर्धा सगळ्या हौशींच्याच.

नाव हवंय तर जेसी अँडरसन, लग्नानंतरची जेसी व्हॅलेंटाइन. जन्म १९१५, गाव पर्थ. ऑस्ट्रेलियातलं नव्हे, स्कॉटलंडमधलं मूळचं. चणीने लहान, म्हणून ‘वी जेसी’. स्कॉटिश बोलीत ‘वी’ म्हणजे चिमुकली. चेंडू फार लांब नाही, पण नाकासमोर जायचा.

वडील जो अँडरसन गोल्फ प्रोफेशनल. आज हा शब्द रुबाबदार वाटतो. तेव्हा प्रोफेशनल म्हणजे क्लबचा पगारी माणूस: सभासदांना शिकवायचं, त्यांच्या काठ्या दुरुस्त करायच्या, दुकान सांभाळायचं. कित्येक क्लबांत त्याला सभासदांच्या इमारतीत पुढच्या दाराने जाता येत नसे. अशा घरातली मुलगी, आणि तिला मात्र हौशीच राहायचं होतं!

१९३३ मध्ये तिने मुलींची ब्रिटिश स्पर्धा जिंकली. १९३५ मध्ये ब्रिटिश संघाबरोबर बोटीने पार ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडला गेली आणि न्यूझीलंडचं विजेतेपद घेऊन आली.

मग मे १९३६, ग्लेनईगल्स. कर्टिस कप म्हणजे अमेरिका विरुद्ध ब्रिटन-आयर्लंड, हौशी स्त्रियांचा संघसामना. १९३२ मध्ये सुरू झालेला, आणि दोन्ही वेळा अमेरिकेने जिंकलेला. एकूण नऊ लढती: तीन जोड्यांच्या, सहा एकेरी. जेसी एकवीस वर्षांची, या सामन्यात पहिल्यांदाच खेळणारी. तिची एकेरी लढत अठराव्या, म्हणजे शेवटच्या होलपर्यंत ताणली गेली. (कमी फटक्यांत चेंडू खळग्यात घालेल तिचा तो होल; जास्त होल जिंकेल तिची लढत.) शेवटच्या ग्रीनवर, म्हणजे खळग्याभोवतीच्या गुळगुळीत हिरवळीवर, तिने लांबून हलक्या फटक्याने (पट) चेंडू खळग्यात घातला, लढत एका होलने जिंकली आणि ब्रिटनच्या खात्यात साडेचार गुण झाले. अमेरिकेचेही साडेचार. कप नियमाप्रमाणे अमेरिकेकडेच राहिला, पण न हरता सुटण्याची ब्रिटनची ती पहिलीच वेळ.

पुढच्या वर्षी टर्नबेरीला ब्रिटिश लेडीज अमॅच्युअर स्पर्धा झाली. तिची अंतिम लढत मला सगळ्यात आवडते, ती खेळापेक्षा माणसांमुळे. समोर होती डॉरिस पार्क. तिचे आजोबा विली पार्क यांनी १८६० मध्ये प्रेस्टविकला पहिलीवहिली ओपन (प्रोफेशनलांची मोठी ब्रिटिश स्पर्धा) जिंकलेली, वडिलांनी १८८७ आणि १८८९ ची. म्हणजे हौशी स्त्रियांचं सगळ्यात मोठं विजेतेपद, आणि त्यासाठी भांडत होत्या प्रोफेशनलांच्या दोन लेकी. तेही प्रेस्टविक ज्या किनाऱ्यावर आहे त्याच एअरशायरच्या किनाऱ्यावर. जेसी ६ आणि ४ ने जिंकली. हा हिशेब नवख्याला चक्रावतो: ती सहा होल पुढे आणि खेळायचे उरले चार, म्हणजे पिछाडी भरून निघणं अशक्य. छत्तीस होलची लढत बत्तिसाव्यालाच संपली.

एकटीच चमकत होती असं मात्र समजू नका. हेलन होम या दुसऱ्या स्कॉटिश खेळाडूने १९३४ आणि १९३८ मध्ये हीच ब्रिटिश स्पर्धा जिंकली, शिवाय स्कॉटिश विजेतेपद पाच वेळा. खरं तर तिच्यावर वेगळं उत्तर लिहायला हवं.

जेसीने १९३८ आणि १९३९ अशी लागोपाठ दोन वर्षं स्कॉटिश स्पर्धा जिंकली, आणि युद्ध आलं. ब्रिटिश स्पर्धा १९४६ पर्यंत बंद. टर्नबेरीच्या फेअरवेवर, म्हणजे खेळायच्या हिरवळीच्या पट्ट्यांवर, विमानांच्या धावपट्ट्या झाल्या. १९३९ ची ब्रिटिश विजेती, इंग्लंडची पॅम बार्टन, हवाई दलात गेली आणि १९४३ मध्ये विमान अपघातात वारली, अवघ्या सव्विसाव्या वर्षी. हे वाचलं की जेसीची वाया गेलेली वर्षं मोजायला जीभ रेटत नाही. तरी सांगतो: चोविसाव्या वर्षी थांबलेली स्पर्धा सुरू झाली तेव्हा ती एकतिशीची होती.

एवढ्यावर संपलं असतं तरी चाललं असतं. पण तिने १९५१ ते १९५६ मध्ये आणखी चार स्कॉटिश विजेतेपदं घेतली, १९५२ मध्ये कर्टिस कप पहिल्यांदा जिंकणाऱ्या संघात ती होती, आणि १९५५ ला पोर्टरश व १९५८ ला हन्स्टंटन इथे ब्रिटिश स्पर्धा पुन्हा जिंकली. पहिल्या आणि तिसऱ्या विजेतेपदात एकवीस वर्षांचं अंतर! १९५९ मध्ये तिला एमबीई हा ब्रिटिश सरकारी किताब मिळाला.

आणि १९६० मध्ये ती प्रोफेशनल झाली. तेव्हा तिचं वय पंचेचाळीस.