सहा वर्षांनंतर

प्रिय पोरी,

अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेले तुझ्या मालिकेचे दोन्ही भाग वाचले. एकदा परवा रात्री आणि पुन्हा काल दुपारी, बागेत फवारणी चालू असताना तिथल्या मांगरात, म्हणजे खोपटात, बसून. यंदा थंडी उशिरा पडली, मोहोरही मागे-पुढे फुटलाय, म्हणून उत्तराला चार दिवस जास्त लागले.

सोबतच्या चिठ्ठीत तू लिहिलंस, ‘काकी, मे महिन्यात मला तीस पूर्ण होतील आणि अजून काहीच झालेलं नाही.’ ते वाक्य माझ्या डोक्यातून जात नव्हतं. मग तुझ्या दुसऱ्या भागाच्या शेवटाशी आले. तुझी चोवीस वर्षांची नायिका लग्न मोडून मालवणच्या स्टँडवर उतरते. पडदा काळा होतो, अक्षरं उमटतात : ‘सहा वर्षांनंतर’. पुढच्या दृश्यात ती तारकर्लीत स्वतःच्या रिसॉर्टच्या गच्चीवर उभी आहे, हाताखाली वीस माणसं. चिठ्ठीतलं वाक्य आणि ही पाटी, दोन्ही एकाच हाताने लिहिलीत असं मला वाटलं.

ती पाटी मीही लिहिलेली आहे. नऊ वर्षं मुंबईत मालिकांचे संवाद लिहिले, त्यात तीन वेळा लीप घेतला, म्हणजे मधली वर्षं गाळून कथा एकदम पुढे नेली. तो का घेतात हे तुला ठाऊक असायला हवं, कारण तू ज्या मालिका बघत मोठी झालीस त्या तशाच घडल्या आहेत. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वजा जाता बावीसेक मिनिटं उरतात. आठवड्याला सहा भाग म्हणजे वर्षाला तीनशेच्या वर. गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात, आणि पुढच्या आठवड्यात कोण कोणाशी बोलणार ते त्या आकड्यांवर ठरतं. लग्नाला आकडा चढतो, म्हणून हळदीपासून गृहप्रवेशापर्यंत तीन-तीन आठवडे जातात. मग सासूचा ट्रॅक, मग खलनायिकेचा. तो आटला की घरात काहीच घडत नाही, आणि रोज रात्री उत्कंठेवर सोडायचं तर काहीतरी घडायलाच हवं. तेव्हा लीप येतो. पंचविशीतली सून एका रात्रीत सात वर्षांच्या मुलीची आई होते.

जी वर्षं अशी गाळली जातात ती नेमकी कोणती, ते बघ. घराचा पहिला हप्ता, रात्रभर जागं ठेवणारं तान्हं मूल, आईच्या रक्तातली साखर, नवरा-बायकोतला कुठल्याच भांडणातून न आलेला अबोला. पडद्यावर उरते ती तिशी काचेच्या केबिनची, जिथे मालक दिसतो पण काम दिसत नाही. बाई तिशी ओलांडून पुढे गेली की तिला वहिनी व्हावं लागतं, नाहीतर कारस्थानी. हे मला तेव्हाही खटकायचं.

आम्ही लिहायला बसायचो त्या खोलीत वाईट माणूस कोणी नव्हता. आम्ही बहुतेक सगळे तिशीतलेच होतो. चहाच्या सुट्टीत एकजण मुलाच्या तापाची चौकशी करायचा, दुसरी बिल्डरला ताबा कधी देणार म्हणून विचारायची. फोन ठेवले की आम्ही पुन्हा नायिकेच्या मंगळसूत्राकडे वळायचो. मी चौतीस वर्षांची असताना सासऱ्यांना गोव्याला बांबोळीच्या इस्पितळात नेलं होतं. आपल्याकडचे किती पेशंट तिकडेच जातात, तुला माहीत आहे. वॉर्डाबाहेरच्या बाकावर बसून मी हळदीचा प्रसंग लिहून पाठवला, कारण शूटिंग सकाळी होतं. शेजारी देवगडची एक बाई होती. नवऱ्याचा डबा मांडीवर धरून ती वहीत हिशेब लिहीत होती. सोसायटीचं कर्ज, मुलीची फी, गाडीभाडं. माझ्याच वयाची. ती बाई मी कधीच लिहिली नाही. त्याची टोचणी अजून आहे, म्हणून तुला इतकं लांबलचक लिहितेय.

तुझ्याभोवती हीच माणसं आहेत गो. बंदरावर जा. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद, पण होडीच्या कर्जाचा हप्ता बंद होत नाही. तिशीतला तांडेल, होडीवरचा म्होरक्या, ते दोन महिने कसे काढतो, ते विचार. दोनशे कलमांचा मालक असलेला पस्तिशीतला मुलगा तुझ्याच वाडीत असेल. त्याला पाहायला आलेली माणसं बाग बघतात, आंबा खातात आणि शेवटी विचारतात, ‘मुंबईत जागा आहे ना?’ त्याचं लग्न मालिकेत तीन आठवडे चालणार नाही, कारण ते ठरतच नाहीय. आणि जिला मुंबईत जागा मिळाली ती नालासोपाऱ्याहून पहाटेची लोकल धरते आणि गणपतीची रजा मिळेल का म्हणून जुलैपासून साहेबाचं तोंड बघते. सातबाऱ्यावर एकोणीस नावं असलेलं सामाईक घर आहे. त्याचं छप्पर गळतं, तेव्हा कौलांचे पैसे कोणी द्यायचे? यावर महिनाभर फोन चालतात, आणि ते बहुधा तिशीतल्याच कोणाला तरी करावे लागतात.

असं चालत नाही, लोक बघत नाहीत, असं तुला सांगतील. २०१६ साली ‘रात्रीस खेळ चाले’ आली, आकेरीतल्या घरात चित्रित झाली. ते घर बघायला गाड्या भरून माणसं येत होती. सगळे भुताबद्दल बोलत. पण वडील गेल्यावर एका छपराखाली आलेले भाऊ, जावा आणि वाटणीचं मुकं भय यांच्यावर ते भूत उभं होतं. भूत काढून टाकलं असतं तरी ते घर मी बघितलं असतं. तिकडे अमेरिकेत १९८७ ते १९९१ या काळात ‘थर्टीसमथिंग’, म्हणजे ‘तिशीतले’, अशा नावाचीच मालिका चालली. मुलं, नोकरी, मैत्री, मित्राचं मरण, एवढंच तिच्यात होतं. ही खात्यापित्या माणसांची रडगाणी आहेत, अशी टीका तिच्यावर झाली. ती टीका मला सगळीच चुकीची वाटत नाही. फिलाडेल्फियातल्या त्या घरांना कौलांच्या पैशांची ददात नव्हती. तरीही १९८८ चं सर्वोत्तम नाट्यमालिकेचं एमी पारितोषिक तिलाच मिळालं. म्हणजे ही वर्षं न गाळताही मालिका उभी राहते.

आता तुझ्या कामाचं. पाटी काढून टाक. रिसॉर्ट सध्या बाजूला ठेव, मधल्या सहातलं तिसरं वर्ष लिही. पहिल्यात जिद्द असते आणि सहाव्यात फळ, दोन्ही सोपी. तिसऱ्या वर्षी विचारपूस करणारे थकलेले असतात. त्या वर्षातला एक साधा दिवस घे, सकाळी पाणी भरण्यापासून. नायिकेला रडवू नकोस, तिच्या हाताला काम दे.

कोणतं काम, ते तुला माहीत आहे. मे २०२१ मध्ये तौक्ते वादळात तुमची अकरा कलमं मुळासकट पडली. तू कॉलेज संपवून नुकती घरी आली होतीस. त्या पावसाळ्यात तू आणि बाबांनी कातळात मीटरभर खोल खड्डे घेतलेत, माती बाहेरून आणून भरलीत आणि नवी कलमं लावलीत. तीन उन्हाळे विहिरीतून कळशीने पाणी घातलंस, हे तुझ्या आईने मला सांगितलंय. लहान कलमाला मोहोर फुटला की तो खुडायचा असतो, झाड वाढावं म्हणून. पहिल्या वर्षी तू खुडायला तयार नव्हतीस, बाबांशी दोन दिवस बोलली नाहीस. पुढल्या वर्षी स्वतः गेलीस. तो प्रसंग लिही. तिथे संवाद फार लागणार नाहीत. बाप एका झाडाशी, मुलगी दुसऱ्याशी, आणि मधेच बँकेतून फोन.

लिहून झालं की शिमग्याला ये. पालखी आमच्या घरी दुसऱ्या दिवशी येते, तेव्हा सकाळी निवांत वाचू. मी लाल पेन घेऊन बसणार आहे.

आणि एक विचारायचं राहिलं. त्या नव्या कलमांना या जूनला पाच वर्षं होतील. यंदा कितींना मोहोर आलाय, आणि ठेवलात की खुडलात, ते लगेच कळव.

तुझी,
काकी